माळ्यावरच्या सात बाटल्या

जबलपूर,
३ जानेवारी २०२५

प्रिय एमिलिया,

हे पत्र तुझ्या हातात पडलं तर तू अजून त्याच घरात आहेस. नाही पडलं तर एक स्पीड पोस्ट वाया गेलं म्हणायचं, त्यात काय एवढं.

मी मधुकर आगाशे. तुमच्या घराच्या मागच्या दोन खोल्यांत आम्ही एकोणीस वर्षं भाड्याने राहत होतो. आई, आप्पा, आजी, मी आणि धाकटी शुभा. १९८१च्या मे महिन्यात मी तिथून निघालो तेव्हा वीस वर्षांचा होतो. त्यानंतर मरोळला पाय लागला नाही.

वीज मंडळातून निवृत्त होऊन चार वर्षं झाली. मुलगी हैदराबादला, बायको भजनी मंडळात, आणि मला उद्योग नाही. रिकाम्या माणसाला जुनी घरं आठवतात म्हणतात, तसंच काहीसं समज. एकदा येऊन त्या खोल्या बघायच्या आहेत. अर्धा तास पुरे. चहासुद्धा नको.

बघायचं तरी काय, तर फार काही नाही. स्वयंपाकघराच्या खिडकीतून तुमचा क्रूस दिसायचा, तो अजून दिसतो का. माळा आहे का. आईची आमटी चुलीवर असली की वास थेट त्या माळ्यापर्यंत चढायचा. लालसर आमटी. पुण्याची आत्या दर खेपेला विचारायची, "वहिनी, तुझा गोडा मसाला असा लाल कसा गं?" आई म्हणायची, "मुंबईच्या पाण्याने होतो." मी इकडे आल्यावरही ती दरवर्षी कुणाच्या ना कुणाच्या हाती मसाल्याचा डबा पाठवायची. २०१२ला ती गेली. आमच्याकडे आमटी अजून होते, पण ती आमटी नव्हे.

डेनिस कुठे असतो? गावातच ना? तो असेल त्याच दिवशी येईन. मी येतोय हे त्याला आठवणीने सांग.

तुझा,
मधू (मागच्या खोलीतला)


मरोळ गावठाण, अंधेरी (पू.)
१९ जानेवारी २०२५

मधू,

पत्र मिळालं. पत्त्यात "मुंबई ५९" काय लिहितोस रे? पिन कोड सहा आकडी होऊन पन्नास वर्षं झाली. मी तीस वर्षं पोस्टात सॉर्टिंगला होते. असं पाकीट आलं की आम्ही शिव्या घालायचो. आमचा पोस्टमन मला ओळखतो म्हणून पोचलं.

उत्तर पत्रानेच देतेय, कारण फोनवर मला ऐकू येत नाही. कानात मशीन आहे, पण डोक्यावरून सारखी विमानं जातात. मशीनला विमान ऐकू येतं, माणूस नाही.

आता सरळ विचारते. गावठाणात सगळीकडे बिल्डर फिरतायत. वर्षभरात तीन घरांत जुने भाडेकरू उगवले. त्यातला एक तर ऐंशी वर्षांचा, वॉकर घेऊन आला. सगळ्यांना फक्त "एकदा घर बघायचं" होतं. बघून झालं की वकिलाची नोटीस. तुझ्या आप्पांनी ऑगस्ट ८१मध्ये खोल्या सोडल्याचं लिहून दिलंय, तो कागद माझ्या कपाटात आहे. त्यासाठी येत असशील तर तिकिटाचे पैसे वाचव.

दुसरं. तू मेमध्ये गेलास, न सांगता. तीन महिन्यांनी तुझे लोक डोंबिवलीला गेले. जाताना तुझे आप्पा आमच्या ओट्यावर उभे राहून पप्पाला म्हणाले, "तुमच्या वस्तीनं माझा मुलगा नासवला." एकोणीस वर्षं एका नळावर पाणी भरलं आणि शेवटी हे ऐकवलं. पप्पा दोन दिवस जेवला नाही. नासवला म्हणजे नेमकं काय केलं, ते आम्हाला कुणी सांगितलं नाही. मला वाटलं, पोरीचं लफडं असणार. कुठली पोरगी म्हणून मी गावभर अंदाज लावत बसले, आणि गावभर लोक माझ्याकडे बघत बसले.

डेनिस इथेच आहे. शाळेत पीटी शिकवायचा, रिटायर झाला. त्याची बायको गेली, माझं लग्न झालंच नाही, आम्ही दोघं भाऊबहीण राहतो. मागच्या खोल्यांत माझ्या कामाचं सामान आहे. बघण्यासारखं काही नाही.

खरं काय ते लिही.

एमिलिया


जबलपूर,
२ फेब्रुवारी २०२५

एमिलिया,

सोबत एक कागद पाठवतोय. त्या खोल्यांवर माझा, माझ्या बायकोचा किंवा मुलीचा कसलाही हक्क नाही असं त्यावर लिहून सही केली आहे. शेजारच्या दोघांच्या साक्षी घेतल्या आहेत. त्यांनी मला वेड्यात काढलं. आता तुझ्या कपाटात दोन कागद झाले.

लोक तुझ्याकडे बघत होते हे मला ठाऊक नव्हतं. असतं तर चार दिवस मिरवून घेतलं असतं.

खरं विचारलंस, तर ऐक. ३ मे १९८१, रविवार. आप्पा माळा झाडायला चढले. तांब्याच्या हंड्यामागे जुन्या लुगड्यात गुंडाळलेल्या बिअरच्या बाटल्या निघाल्या. रिकाम्या. आमच्याकडे चातुर्मासात कांदा घरात येत नसे, तिथे बिअर. आजी देवापुढे जाऊन बसली ती उठेचना. आप्पांनी बाटल्या ओट्यावर ओळीने मांडल्या आणि विचारलं, "कुणाच्या?" एकेकाकडे बघत. मी म्हणालो, "माझ्या."

माझ्या नव्हत्या. मी आजवर बिअर चाखलेली नाही. त्या डेनिसच्या होत्या. तो आमच्या माळ्यावर सारखा चढायचा, त्याचे पतंग तिथेच असायचे. तो बारा वर्षांचा असताना तुमची मम्मा आजारी पडली, तेव्हा त्याने वांद्र्याच्या मोतमाउलीला शब्द दिला होता की जन्मात दारूला शिवणार नाही. तो शब्द त्याने मोडला असणार, आणि बामणाच्या माळ्यावर बाटल्या कोण शोधायला जातंय असा विचार केला असणार. मी नाव घेतलं असतं तर तुझ्या पप्पाने त्याला सोलून काढलं असतं. मी म्हटलं, आपलं काय, चार थपडा बसतील.

थपडा बसल्या नाहीत. "उद्यापासून या घरात तुझं पान नाही," एवढंच आप्पा म्हणाले. जबलपूरला मामा होते. चौथ्या दिवशी गाडीत बसलो. पुढे नोकरी, लग्न, सगळं इथेच. आप्पा पंधरा वर्षं माझ्याशी बोलले नाहीत. ९६ला ते गेले, तेव्हा तेराव्याला मी पोचलो. आईला अधूनमधून भेटत असे, पण तो विषय तिनेही काढला नाही आणि मीही नाही. पहिलं वर्षभर मी इथे डेनिसच्या पत्राची वाट बघितली. एक ओळ आली नाही.

मला भांडायचं नाही. डेनिसने माझ्यासमोर एकदा म्हणावं, "मधू, बाटल्या माझ्या होत्या." एवढंच. त्यासाठी चौसष्ट वर्षांच्या माणसाने हजार किलोमीटर यायचं हे हसण्यासारखं आहे, मला कळतं. पण माझा बाप मला दारुडा समजून मेला, आणि खरं काय ते माहीत असलेला एकच माणूस आता जिवंत आहे. तो म्हणणार असेल तर येतो. नसेल तर घर बघून काय करू?

हे पत्र त्याला वाचून दाखव.

मधू


मरोळ गावठाण,
११ फेब्रुवारी २०२५

मधू,

वाचून दाखवलं. डेनिस आधी हसला. मग म्हणाला, परत वाच. मग उठला आणि क्रूसापाशी जाऊन बसला. दुपारी जेवायला आला नाही. सुरमई होती, तरी आला नाही.

डेनिसने आजपर्यंत दारू प्यायलेली नाही. गावठाणात कुठेही लग्न असलं की त्याच्यासाठी सरबताचा वेगळा ग्लास असतो आणि पन्नास वर्षं लोक त्याच्यावर तोच एक जोक मारतात. स्वतःच्या लग्नात त्याने रसना उचलून टोस्ट केला होता, फोटो आहे. तो काय म्हणाला ते जसंच्या तसं लिहिते. "साल्याने एकदा विचारायचं तरी! चव्वेचाळीस वर्षं मला खोटारडा धरून बसला, आणि मी येडा, हा न सांगता गेला म्हणून ह्याच्यावर रुसून बसलो. येऊ नको म्हणावं."

मी इथेच पत्र बंद करणार होते. पण अर्धवट पत्त्याच्या पाकिटांचे मालक शोधण्यात माझी नोकरी गेली, ती खोड जात नाही. म्हणून विचारते. बाटल्या किती होत्या? रंग कुठला? धुतलेल्या की न धुतलेल्या? लुगडं कुणाचं? आठवून लिही. उगाच शहाणपणा नको.

एमिलिया


जबलपूर,
२० फेब्रुवारी २०२५

एमिलिया,

सात. मोठ्या, तपकिरी. धुतलेल्या, अगदी लख्ख, लेबलं खरवडून काढलेली. तोंडाला फडक्याचे बोळे. लुगडं आईचं, हिरवं, काठ फाटका. दोरीवर वाळत असताना डेनिसने ओढलं असेल.

दारू पिणारा पोरगा बाटल्या घासूनपुसून ठेवतो का, असं तुला विचारायचंय ना? मलाही ते तेव्हा खटकलं होतं. मी म्हटलं, वास जावा म्हणून धुतल्या असतील. विसाव्या वर्षी माणसाला आपलं उत्तर आधी सापडतं.

डेनिसला म्हणावं, खुशाल रागाव.

मधू


मरोळ गावठाण,
१४ मार्च २०२५

मधू,

उशीर झाला. दोनदा लिहून फाडलं. डेनिस म्हणाला, लिहू नको, त्याची म्हातारी गेली, आता कशाला. मी म्हटलं, पत्र ज्याचं आहे त्याला पोचलं पाहिजे.

बाटल्या आमच्या घरच्याच होत्या. पण डेनिसच्या नाहीत, मम्माच्या. आणि तुमच्या घरी आल्या तेव्हा त्यांत बिअर नव्हती. मसाला होता.

मे महिन्यात आमच्या अंगणात मिरच्या वाळायच्या आणि मग कुटणाऱ्या बाया यायच्या, आठवतं? तुम्ही पोरं शिंकत पळायचात, भरताना बघायला कुणी थांबायचं नाही. तो आमचा बाटली मसाला. पंचवीस-तीस जिन्नस भाजून, कुटून, बिअरच्या तपकिरी बाटल्यांत ठासून भरायचा. त्या काचेतून ऊन आत जात नाही, मसाला वर्षभर तसाच राहतो. बाटली रिकामी झाली की धुवून परत करायची, पुढच्या मेमध्ये भरून मिळते. आमच्यात कुणाच्या घरी बिअरच्या पन्नास बाटल्या दिसल्या तर कुणी म्हणत नाही, दारुडे आहेत. म्हणतात, ह्यांच्याकडे जेवायला माणसं फार.

मम्मा सांगायची ती ७२ सालची गोष्ट. तुझ्या आईकडचा मसाला संपला होता आणि महिनाअखेर होती. मम्माने वाटीभर दिला. तिने भीत भीत आमटीत घातला. त्या दिवशी तुझी आजी जेवताना म्हणाली, "आज आमटीला चव आहे." लग्नाला बारा वर्षं झाली होती, मधू, आणि सासूच्या तोंडून हा पहिला बरा शब्द. आता दुसऱ्या दिवशी तीच चव कुठून आणायची? ती परत आमच्या दाराशी आली. पुढची नऊ वर्षं येत राहिली. मसाला घरी नेऊन डब्यात ओतायची. डबा गोड्या मसाल्याचा, आत आमचा मसाला. तुमची रोजची जेवणं त्यावर झाली, सणवार झाले, पितरांची पानंसुद्धा.

पहिल्या दोन बाटल्या तिने परत केल्या. मग कुणाच्या तरी नजरेला पडतील म्हणून घाबरली. बामणाच्या बाईने बिअरची बाटली हातात घेऊन अंगण कसं ओलांडायचं? म्हणून त्या साठत गेल्या. त्या वर्षी मम्मा म्हणाली होती, "सुलक्षणा, माझ्या बाटल्या दे गं, कमी पडतायत." तिने कबूल केलं होतं, रविवारी तुझे आप्पा दुपारचे झोपले की आणून देते. पण रविवारी सकाळी आप्पा माळ्यावर चढले.

हे एवढं मला आधीपासून माहीत होतं. माळ्यावरून काही निघालं आणि तू बोललास, हे माहीत नव्हतं. ते तुझ्या पत्रातून कळलं. आता पुढचं.

डोंबिवलीला गेल्यावरही तुझी आई दर मेमध्ये यायची. बाटली घ्यायची नाही, स्टीलचा डबा आणायची. तुला जबलपूरला जे डबे यायचे ना, ते इथून भरलेले. २०११ला शेवटची आली. मम्मा अंथरुणाला होती. दोघी आत बोलत होत्या, मी बाहेर मसाला चाळत होते, आणि तेव्हा माझे कान चांगले होते. तुझी आई म्हणाली, "व्हॅलेन्सिया, माझ्या मधूला ठाऊक होतं. त्याने माझ्याकडे एकदाच बघितलं आणि म्हणाला, माझ्या. माझ्यासाठी लेकराने घर सोडलं आणि मी तोंड उघडलं नाही." मग रडली. मम्मा तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. मला वाटलं, तुमच्या घरातलं काही जुनं भांडण असेल. मी विचारलं नाही.

तुझ्या पत्रात "सात" वाचलं तेव्हा खात्री झाली. मम्मा जाईपर्यंत म्हणायची, "सुलक्षणाकडे माझ्या सात बाटल्या राहिल्या."

तुझ्या आईला मी वाईट म्हणत नाही. मी तिच्या जागी असते तर काय केलं असतं, मला माहीत नाही.

एमिलिया


पोस्टकार्ड
९ एप्रिल २०२५

मधू, माझं १४ मार्चचं पत्र पोचल्याची पावती आली. सही तुझीच आहे. मग उत्तर का नाही? डेनिस रोज पोस्टमनला विचारतो आणि मला सांगतो, मी नाही विचारलं. एमिलिया


जबलपूर,
२४ एप्रिल २०२५

एमिलिया,

सही माझीच.

पहिले आठ-दहा दिवस मी आईवर रागावलो होतो. तिच्या फोटोसमोरून जायचं टाळलं. त्या रविवारी ती चुलीपाशी उभी होती, हातात पळी होती. मी "माझ्या" म्हणालो तेव्हा ती वळली आणि आमटी ढवळू लागली. मला इतकी वर्षं वाटायचं, बिचारी दुःखाने ढवळतेय. आणि आता तू सांगतेस की पातेल्यात तोच मसाला होता. एक वाक्य तिने बोलायचं होतं, एमिलिया. एका वाक्याने मी मुंबईत राहिलो असतो. आप्पांशी बोललो असतो. खूप राग आला. बायकोला काही सांगितलं नव्हतं, तिला वाटलं माझं पित्त वाढलंय.

मग एकदा दुपारी मटार सोलत बसलो असताना मनात आलं, मला खरं ठाऊक असतं तर मी काय केलं असतं? मी हसलो असतो. म्हटलं असतं, "अहो आप्पा, बाटल्या मसाल्याच्या आहेत, आई व्हॅलेन्सियामावशींकडून आणते." विसाव्या वर्षी मला त्यात काय मोठंसं वाटलं असतं? आणि मग आजीने अन्नपाणी सोडलं असतं. आप्पांनी आईला माहेरी नेऊन घातलं असतं. नऊ वर्षांची श्राद्धं बाटवली म्हणून तिला जन्मभर ऐकावं लागलं असतं. मी गप्प राहिलो ते डेनिसला वाचवायला. म्हणजे डेनिसवर खोटा आळ घेतला म्हणून माझी आई वाचली. हे कुणाला सांगून पटेल का?

तिला वाटलं, मला ठाऊक होतं. मला काही म्हणजे काही ठाऊक नव्हतं. मी तिच्याकडे बघितलं ते एवढ्यासाठी, की निदान हिला तरी खरं वाटू नये. आणि तिला ते खरं वाटलंच नव्हतं. त्या घरात एक माणूस असा होता ज्याने मला एक दिवसही दारुडा मानलं नाही. डेनिसच्या तोंडून जे ऐकायला मी येणार होतो, ते मला त्या रविवारीच मिळालं होतं. मला पत्ता नव्हता.

आता राग नाही असं म्हणणार नाही. थोडा आहे. पण फोटोसमोरून जातो.

डेनिससाठी आत वेगळी चिठ्ठी आहे. ती वाचून दाखवू नकोस, त्याच्या हातात दे.

अर्ध्या तासाऐवजी एक दिवस मिळेल का? मसाला कधी कुटता?

मधू


मरोळ गावठाण,
२ मे २०२५

मधू,

१७ तारखेला, शनिवारी. कुटणाऱ्या बाया आता दोनच उरल्यात, त्यांच्या तारखा लग्नाच्या हॉलसारख्या घ्याव्या लागतात. तुझी गाडी कुर्ल्याला टर्मिनसला येईल. तिथून रिक्षाने घाटकोपर, घाटकोपरहून मेट्रो, मरोळ नाका. पिन कोड पाठ करून ये.

खाली डेनिसला लिहायचंय म्हणे.

एमिलिया

मधू, चिठ्ठी वाचली. माफ केलं असं आत्ताच म्हणत नाही, बघू. ये तू. आणि मम्माच्या सात बाटल्या घेऊन ये. रिकाम्या. डेनिस


मरोळ गावठाण,
६ जून २०२५

मधू,

तू चष्मा विसरलास. माळ्याच्या कडेला सापडला. या पार्सलात आहे, फडक्यात गुंडाळलाय.

तुला आधी सांगितलं नव्हतं की मागच्या खोल्यांत माझं जे कामाचं सामान आहे ते म्हणजे हेच. मी आता मसाला विकते, चारशे बाटल्या जातात. तुमच्या स्वयंपाकघरात जमिनीपासून माळ्यापर्यंत बिअरच्या बाटल्या बघून तू दारातच थांबलास. मला वाटलं, चक्कर येतेय की काय. मग तू हसलास आणि हसता हसता खाली बसलास, मिरच्यांच्या पोत्यावर. पँटची वाट लागली. तू तसाच बसून राहिलास आणि डोळे पुसलेस. मिरच्यांमुळे, असं म्हणालास.

डेनिसचं मला नवल वाटलं. तू येण्याआधी पंधरा दिवस आरशासमोर तुला काय सुनवायचं त्याची प्रॅक्टिस करत होता. तू पिशवी पुढे केलीस, त्याने सातही बाटल्या मोजल्या, एकेक नाकाला लावली आणि म्हणाला, "धुतल्या कुणी?" तू म्हणालास, "मी." तो म्हणाला, "वास येतो अजून." मग दोघं नळावर जाऊन बसलात. सात बाटल्यांना दीड तास लागला तुम्हा दोघा रिटायर माणसांना. काय बोललात मला ऐकू आलं नाही. एकदाच डेनिस मोठ्याने हसला. नंतर त्याने सांगितलं की तू जबलपूरच्या दुकानात तोंडाला रुमाल बांधून गेलास आणि सातही बाटल्या बिअर परसातल्या पेरूला घातलीस. पेरू जगला का?

त्याने माफ केलं की नाही, तो सांगणार नाही. पण तुझ्या नावाची बाटली त्याने स्वतः ठासली, आणि तो सहसा काम करत नाही.

मम्मा असती तर तुला जेवल्याशिवाय सोडलं नसतं. मीही सोडलं नाही, तेव्हा ते बरोबर झालं.

एमिलिया


जबलपूर,
१६ सप्टेंबर २०२५

प्रिय एमिलिया,

चष्मा केव्हाच मिळाला, पत्राला उशीर केला. पेरू जगला. यंदा भरपूर लागलाय, मी खात नाही.

काल आप्पांची तिथी होती. शुभा मुद्दाम ठाण्याहून आली होती. आमटी मी केली, तुमच्या मसाल्याची, आणि आप्पांच्या पानात वाढली. आधी जरा हात अडला. मग म्हटलं, जिवंतपणी वर्षानुवर्षं आवडीने जेवले आहेत, आता काय.

शुभाने पहिला घास घेतला आणि भात कालवायची थांबली. म्हणाली, "दादा, ही आईची आमटी आहे. तसाच लाल रंग. मसाला कुठला रे?" मी म्हणालो, "पाण्याने होतो." ती रडली थोडी. मग तिसऱ्यांदा भात घेतला.

तिला सांगता आलं असतं. तोंडापर्यंत आलं होतं. पण आईने तिला सांगितलं नाही. इतकी वर्षं एका घरात, एका ताटात जेवून सांगितलं नाही. मग मी कोण सांगणारा?

जेवणं झाल्यावर ती भांडी आवरायला आत गेली. फडताळ उघडलं. मसाला मी आधीच बरणीत काढला होता, बाटली धुवून मागे उभी केली होती. शुभा ती हातात घेऊन बाहेर आली. तिचा चेहरा हुबेहूब आप्पांसारखा झाला होता. आजच्या दिवशी, असं काहीतरी पुटपुटली. मग तिने विचारलं, "दादा, ही कुणाची?"

मी म्हणालो, "माझी."

या वेळी ठाऊक असून म्हणालो. समोर भिंतीवर आईचा फोटो होता. तिच्याकडे एकदा बघितलं.

शुभा अजून माझ्याशी धड बोलत नाहीये. बोलेल. बाटलीला वास येत नाही, मी तीनदा धुतली आहे. मेमध्ये घेऊन येतो.

तुझा,
मधू